पारूबाईच्या कोंबड्या

गेल्या महिन्यात माझ्या नावानं आफ्रिकेहून एक पाकीट आलं. पोस्टमननं आधी त्यावरची तिकिटं मागून घेतली आणि मगच पाकीट हातात दिलं. आत घाना देशातल्या एका इंग्रजी वर्तमानपत्राचं कात्रण होतं आणि कात्रणात आमच्या बुधाचा फोटो. अंगात कोट, गळ्यात टाय आणि चेहऱ्यावर तेच जुनं मिस्कील हसू. खाली लिहिलं होतं की, क्वाकू अमोआ हे नवरा-बायकोच्या, मायलेकांच्या, गावाच्या आणि शहराच्या गोष्टी सांगणारे त्या देशातले नावाजलेले दिग्दर्शक असून त्यांच्या नव्या चित्रपटावरून तिकडे वाद पेटला आहे.

वाद शेवटच्या दृश्यावरून. म्हणे, एक म्हातारी रिकाम्या अंगणातून कोंबड्या हाकलत राहते आणि बराच वेळ पडद्यावर दुसरं काहीच घडत नाही. एक टीकाकार म्हणतो, म्हातारी म्हणजे आफ्रिका आणि कोंबड्या म्हणजे परकी सत्ता. दुसरा म्हणतो, छे, कोंबड्या म्हणजे काळ. हे वाचून माझं डोकं फिरलं. अरे, कसली सत्ता आणि कसला काळ! ती म्हातारी म्हणजे आमची पारूबाई. नटी तिकडची असेल, पण ते हाकलणं पारूबाईचं आहे, आणि ते सुचलं कुठे हे या शहाण्यांना ठाऊक नसेल तर त्यांनी मला विचारावं. मला कोणी विचारलेलं नाही, म्हणून आपणच सांगतो.

मी लालासाहेब. माण तालुक्यातल्या एका वाडीच्या शाळेत गुरुजी. मूळचा साताऱ्याचा, बिनलग्नाचा, आणि पारूबाईच्या घराच्या पुढच्या सोप्यात भाड्यानं राहणारा. आमच्या माणात पाऊस आला तर आला. म्हणून हातीपायी धड असलेला प्रत्येक गडी मुंबईला गिरणीत, आणि गावात उरतात म्हातारीकोतारी, बायका, शेरडं-मेंढरं आणि मी. गडी मे महिन्यात रजेवर येतात, तेव्हा गावाला गावपण येतं.

चौसष्ट सालच्या अशाच मे महिन्यात क्वाकू आला. लोणंदला रेल्वेतून उतरला, तिथून एस.टी.नं धूळ खात वाडीत. सोबत दोन पत्र्याच्या पेट्या आणि कॅमेरा चढवायची एक तीन पायांची घोडी. पुण्याला सिनेमाचं शिक्षण घेत होता, शेवटच्या परीक्षेसाठी एक छोटा चित्रपट करायचा होता. गावात इंग्रजी येणारा मी एकटा, तेव्हा सरपंचांनी त्याला सरळ माझ्या सोप्यात आणून सोडला.

पारूबाईनं त्याला वरून खालपर्यंत नीट बघून घेतलं आणि पाण्याचा तांब्या पुढे केला. "नाव काय रं लेकरा?"

तो म्हणाला, क्वाकू. आणि समजावून सांगितलं की, त्यांच्याकडे बुधवारी जन्मलेल्या मुलाचं नाव क्वाकूच ठेवतात. मी ते मराठीत सांगितलं.

"मग बुधाच म्हण की सरळ!" पारूबाई म्हणाली. आमच्या वाडीत सोमा होता, मंगळ्या होता, दोन शुक्र्या होते. बुधाची जागा तेवढी मोकळी होती, ती भरली.

रात्रीच्या जेवणाला क्वाकूनं मला त्याचं म्हणणं सांगितलं. त्याचे वडील बंदरावर हमाली करायला गेले आणि वर्षातून एकदा घरी यायचे. बाकीचं वर्षभर आई काय करायची, ते कुणी पाहिलं नाही आणि कुणी सांगितलं नाही. "राजा-राणीच्या गोष्टी सांगायला पुष्कळ जण आहेत," तो म्हणाला, "मला आयुष्यभर ह्या गोष्टी सांगायच्या आहेत." पुण्यातले प्राध्यापक त्याला म्हणत होते, निदान एखादं गाणं तरी घाल. हा घालायला तयार नव्हता.

त्याला हवं होतं एक जोडपं. नवरा रजेवर येतो, राहतो, परत जातो, एवढीच गोष्ट. मी घरोघरी विचारत फिरलो आणि घरोघरी शिव्या खाल्ल्या. "दुसऱ्याची बायकू म्हणून हुबी ऱ्हाऊ व्हय मी? तोंड बघा गुरुजीचं!" एकीनं तर पिठाच्या हातानं मला दार दाखवलं. तेव्हा एक गोष्ट नक्की झाली. नवरा-बायको हवेत तर ते खरेच नवरा-बायको हवेत.

खरं जोडपं घरातच होतं. पारूबाईचा मुलगा केरू आणि सून बाळाबाई. केरू गिरणीत होता, मुंबईला दर रविवारी सिनेमा बघायचा, तो ऐकताक्षणी हो म्हणाला. मग त्याला आठवलं की, बायको आपल्याशी बोलत नाही.

त्याचं असं झालं होतं. लग्नाला बरीच वर्षं झाली, आणि दरवर्षी केरू म्हणायचा, पुढच्या साली तुला मुंबईला नेतो. दरवर्षी खोली मिळत नव्हती. गाळ्यात पाळीपाळीनं झोपणारे गडी, तिथे बायको कुठे ठेवणार? या वर्षीही तो आला आणि म्हणाला, पुढच्या साली. त्याबरोबर बाळाबाईचं तोंड बंद झालं. मग केरूलाही राग आला आणि त्यानंही बंद केलं. पण संसारात बोलल्यावाचून भागत नाही, म्हणून दोघं शेरडाशी बोलायचे. त्या शेरडाचं नाव चांदी.

"चांदे, सांग तुज्या मालकाला, भाकरी निवली तर पुन्हा तापवून मिळायची न्हाई."

"चांदे, सांग तिला, खानावळीत रोज गारच खातुया, सवय हाय."

चांदी दोन्हीकडचं ऐकून घेऊन बाभळीच्या शेंगा चघळत राहायची. असा निःपक्षपाती प्राणी मी अख्ख्या तालुक्यात पाहिला नाही. पण एकदा बाळाबाईनं चांदीला वेगळंच सांगितलं. "चांदे, ह्या खेपंला ह्ये मुंबईला गेलं की मी माज्या म्हायेरी, लोणंदला. आन् पुन्हा ह्या उंबऱ्यात पाय ठेवायची न्हाई." ती बोलल्याप्रमाणे वागणारी बाई होती.

तरी मी तिला चित्रपटाचं विचारलं.

"बोलायला लागतंय का त्यात?"

"नाही. हा मुका चित्रपट आहे."

"मग करते."

असं ते काम सुरू झालं. सकाळपासून अख्खी वाडी अंगणात. क्वाकू घोडीवर यंत्र चढवायचा, एक डोळा मिटायचा आणि हात वर करायचा. बाळाबाई भाकरी वाढायची आणि बघायची चांदीकडे. केरू भाकरी घ्यायचा आणि बघायचा चांदीकडे. "नवऱ्याकडे बघ म्हणावं," क्वाकू सांगायचा. मी सांगायचो. बाळाबाई पुन्हा चांदीकडे. शेवटी क्वाकूनं शेरडू बाहेर बांधायला लावलं, तर दोघं रिकाम्या खुंट्याकडे बघू लागले.

क्वाकूनं मला बाजूला घेतलं. "यांचं भांडण आहे ना?"

"छे छे, लाजतात," मी म्हणालो. गावाची अब्रू माझ्या हातात होती.

"माझी आईपण अशीच लाजायची," तो म्हणाला, "भांडी आपटून."

शेवटचा दिवस नवरा निघून जातो त्या प्रसंगाचा. केरूची खरी रजा दुसऱ्या दिवशी संपत होती, म्हणून ट्रंकही खरी होती आणि बूटही मुंबईचे. अंगणात सडा घातलेला, माती ओलसर. केरूनं अंगण ओलांडून वळणापर्यंत जायचं आणि वळणापलीकडे गुपचूप बसून राहायचं. माणसं सारखी यंत्राकडे बघतात म्हणून क्वाकूनं सगळ्या वाडीला, पारूबाईला आणि चांदीलाही वळणापलीकडे पिटाळलं. अंगणात उरलो आम्ही तिघं.

क्वाकूच्या डोक्यात शेवट पक्का होता. नवरा दिसेनासा झाला की, बायको झाडू घेणार आणि त्याची पावलं पुसत पुसत दाराशी येणार. मी त्याला म्हणालो, हे होणार नाही बाबा. तो म्हणाला, खोटंच तर आहे, सांगून बघा.

केरू गेला. ओल्या मातीत बुटांचे ठसे स्वच्छ उमटले. यंत्र घरघरू लागलं. मी बाळाबाईला म्हणालो, "आता झाडू घे आणि अंगण झाड."

ती माझ्यावर उसळली. "माणूस आत्ता वाटंला लागलाय, आन् मी त्याच्या मागं झाडू मारू? गुरुजी, तुमी शिकल्यालं का खुळं?"

"अगं, खोटं खोटं आहे. तो काय खरा गेलाय का?"

"जाणं खोटं आसंल. झाडू खराच हाय न्हवं?"

आणि तिनं झाडू उचलून थेट छपरावर भिरकावला.

तेवढ्यात परसातून पारूबाईच्या कोंबड्या आल्या. ओली माती दिसली की कोंबडीला उकरल्याशिवाय राहवत नाही. त्या सरळ केरूच्या पावलांवर उतरल्या. बाळाबाई पदर खोचून धावली. "हुश्श! हुश्श, मुडद्यांनो!" एक हाकलली की दुसरी यायची. अंगणभर ती त्यांच्यामागे पळाली, पण तिचा स्वतःचा पाय एकाही ठशावर पडला नाही. दमली तेव्हा त्या पावलांशेजारी मातीतच बसली, डोळ्यांना पदर लावला आणि हुंदके देऊन रडली. मला गलबलून आलं. महिनाभर चांदीशी भांडणारी बाई ही, आणि आतून एवढी भरलेली.

मग ती एकदम उठली, नाक पुसलं आणि आमच्या दोघांकडे बोट रोखलं. "ह्यातलं एक आक्षर त्यास्नी सांगशिला तर बिरोबाची आण हाय." आम्ही दोघांनी मान डोलावली. यंत्र अजून घरघरत होतं, पण ते दिवसभर घरघरायचंच, तिकडे तिचं लक्ष नव्हतं.

दुसऱ्या दिवशी केरू खरा गेला. बाळाबाईनं न बोलता त्याच्या तळहातावर दही ठेवलं. तो चांदीला "येतो" म्हणाला. त्या दिवशी अंगण झाडलं गेलं नाही. त्यानंतरच्या सकाळी बाळाबाईनं सारं घर लख्ख झाडलं, गाठोडं बांधलं, सासूच्या पाया पडली आणि लोणंदला निघून गेली.

वर्ष गेलं. पारूबाईनं दोनदा निरोप धाडले, तर उत्तर आलं, न्यायचं त्यांनी न्यावं. केरू मुंबईहून कळवायचा, गेली आपल्या पायानं, येईल आपल्या पायानं. भावकीतली माणसं पारूबाईच्या कानाला लागली, काडीमोड करा आणि पोराला दुसरी बघा. चैत्रात बिरोबाच्या जत्रेला केरू रजा काढून आला, आणि त्याच जत्रेला कडेगावकडचे ऊसवाले पाहुणे त्याला बघायला यायचे ठरले. मी सोप्यात बसून चडफडत होतो. बोलावं तर बिरोबाची आण. न बोलावं तर एका संसाराची माती. असली कुचंबणा माझ्या वैऱ्यावरही येऊ नये.

जत्रेच्या सकाळी धूळ उडवत एक सरकारी मोटार आली. कुटुंबनियोजनाचे चित्रपट दाखवत फिरणारी. आणि तिच्यातून उतरला बुधा! परीक्षा पास झाला होता. गाणं नाही म्हणून गुण कमी मिळाले होते. आता मायदेशी चालला होता, पण पारूबाईला दिलेला शब्द पाळायला चित्रपट आणि आपली यंत्राची पेटी घेऊन आला होता. मोटारवाल्याला त्यानं कसं पटवलं देव जाणे.

मी त्याला शाळेमागं ओढलं. "अरे, त्यात ते आहे?"

"हाय की."

"आणि आपण घेतलेली आण?"

"सांगायचं न्हाई म्हणून घेतली हुती," तो म्हणाला. त्याचं सगळं मराठी पारूबाईच्या चुलीपाशी शिकलेलं. "मी कुठं सांगतुया? मी दावतुया."

भर दुपारी शाळेच्या खिडक्यांना घोंगड्या टांगल्या, दारालाही एक टांगली. भिंतीवर धोतर ताणलं. सगळी वाडी आत कोंबून बसली, जत्रेतल्या शेंगा फोडत. पाहुण्यांना पुढची सतरंजी. केरू बसला मागे, भिंतीला टेकून.

चांदी दिसली तेव्हा टाळ्या पडल्या. पारूबाई दिसली तेव्हा पारूबाईच ओरडली, "आगं बया, एवढी वाळली व्हय मी?" भाकरी वाढताना रिकाम्या खुंट्याकडे बघणारी दोघं दिसली, तेव्हा हशा पिकला. मग केरू ट्रंक घेऊन निघाला, अंगण ओलांडलं, वळणाआड गेला. खरा केरू मागून म्हणाला, "झालं की संपलं."

संपलं नव्हतं. धोतरावर नुसतं अंगण आणि ठसे. मग छपरावर झाडू उडाला. मग कोंबड्या आल्या आणि बाळाबाई धावली. आवाज नव्हता, पण साऱ्या बायकांना तिचं हुश्श ऐकू आलं असावं, कारण शेंगा फोडणं थांबलं. ती पळत होती, पाय उचलून उचलून ठसे वाचवत होती. मग त्या पावलांशेजारी बसली.

केरू उभा राहिला. तो नकळत पुढे आला आणि त्याची सावली धोतरावर पडली. "खाली बस रं!" गुंडा पैलवान ओरडला. केरूला ऐकू गेलं नाही. मुंबईला निघालेल्या माणसाला आपल्या पाठीमागे घरात काय होतं, ते कधी दिसत नाही. आमच्या वाडीत ते बघायला मिळालेला केरू पहिलाच. त्याच्या गालांवरून पाणी वाहत होतं आणि पुसायचं त्याला सुचत नव्हतं.

तो वळला, बसलेल्यांना तुडवत दारापाशी गेला आणि घोंगडी बाजूला सारून बाहेर पडला. उन्हाचा लोट आत आला आणि धोतरावरचं चित्र पुसून गेलं. बाहेर फलटणवरून लोणंदला जाणाऱ्या एस.टी.चा भोंगा वाजला, आणि केरूची हाक ऐकू आली, "आवं ड्रायवर, थांबा!"

पाहुण्यांतला म्हातारा गोंधळून म्हणाला, "मग आमी काय करायचं?"

"जेवून जावा की," पारूबाई म्हणाली, "पुरणपोळी हाय."

सगळे गेल्यावर शाळेत शेंगांच्या टरफलांचा ढीग. उद्या तालुक्याचे साहेब येणार होते, म्हणून मी झाडू उचलला. पारूबाईनं तो माझ्या हातातून हिसकावला. "खबरदार! माजा केरू वाटंला लागलाय." साहेब दुसऱ्या दिवशी टरफलं तुडवत आले आणि मला मेमो देऊन गेले.

त्याच दिवशी संध्याकाळच्या गाडीतून दोघं उतरली. बाळाबाई भरभर अंगणात आली, सासूच्या पाया पडली आणि सगळ्यांदेखत क्वाकूला म्हणाली, "बुधा, लय येळ लावलास की रं!"

तेव्हा कळलं. हा पठ्ठ्या येताना लोणंदला उतरला होता, तिचं माहेर शोधून काढलं होतं आणि दाखवू का म्हणून तिला विचारलं होतं. तिनं सगळं ऐकून घेऊन एवढंच विचारलं होतं, "बोलतंय का कुणी त्यात?" हा म्हणाला, नाही. "मग दाव की." आणि केरू पोचला तेव्हा बाई स्टँडवर गाठोडं बांधून बसली होती. आणि मी मूर्ख वर्षभर आण सांभाळत बसलो होतो!

जत्रा सरली आणि दोघं मुंबईला निघाली. खोली मिळाली नव्हतीच. दुसऱ्या एका बिऱ्हाडात मध्ये लुगडं बांधून अर्धी जागा घेऊ, केरू म्हणाला. "अर्धी तर अर्धी," बाळाबाई त्याच्याकडे बघून म्हणाली. त्याच्याकडे, चांदीकडे नाही.

पारूबाईनं दोघांच्या हातांवर दही ठेवलं. "येतो," केरू म्हणाला. "येते, आत्याबाई," बाळाबाई म्हणाली. ओल्या अंगणातून दोघं गेली आणि वळणाआड झाली.

"बरं झालं गेली," पारूबाई मला म्हणाली, "रोजची कटकट." पण ती वळणाकडे तोंड करून दारातच बसली. पोराला मुंबई आधीच घेऊन गेली होती, आता सूनही गेली. उरलो मी भाडेकरू आणि चांदी.

तेवढ्यात परसातून कोंबड्या आल्या.

"हुश्श!" पारूबाई काठी घेऊन उठली. गुडघे दुखत होते, तरी उठली. आता अंगणात दोन जोड पावलं होती, एक बुटांची आणि एक अनवाणी, आणि एकटीनं एवढं सगळं राखायचं होतं. तांबडीला हाकललं की काबरी यायची. म्हातारी हाकलत होती, रडत होती, पुन्हा हाकलत होती.

मी क्वाकूकडे वळलो. असा प्रसंग तो सोडणार नाही याची मला खात्री होती. पण यंत्राची पेटी उंबऱ्यावर न उघडता तशीच पडून होती. क्वाकू अंगणाच्या दुसऱ्या टोकाला, विजार गुडघ्यापर्यंत दुमडून, दोन्ही हात पसरून उभा होता. "हुश्श! हुश्श!"

"अरे, कॅमेरा?" मी ओरडलो.

"गुरुजी," तो मागे न बघता म्हणाला, "आदी त्या तांबडीला आडवा की."

मी वहाणा काढल्या आणि तांबडीला आडवा गेलो.